क्वारेस्मा वाया गेला का, आणि पुतण्याला त्रिवेला मारू द्यावी का?

नमस्कार. तुमचा प्रश्न थोडक्यात असा: पुतण्या पंधरा वर्षांचा, उजव्या पायाचा, विंगला म्हणजे मैदानाच्या कडेनं पुढे खेळतो. पोर्तुगालचा विंगर रिकार्दो क्वारेस्मा याचे व्हिडिओ बघून तो जवळजवळ प्रत्येक क्रॉस (कडेनं गोलसमोर टाकलेला बॉल) आणि शॉट पायाच्या बाहेरच्या कडेनं मारायला लागलाय. यालाच त्रिवेला म्हणतात. त्याचे कोच म्हणतात, ‘क्वारेस्मा वाया गेला, तूही जाशील.’ रोनाल्डोच्या बरोबरीनं एकाच क्लबात वाढलेल्या या खेळाडूचं करिअर नेमकं कुठं बिनसलं, आणि पोराला आत्ताच थांबवावं का, असं तुम्ही विचारलंय.

मी बावीस वर्षं कोल्हापुरात पोरांना फुटबॉल शिकवतोय, त्यातली बहुतेक वर्षं बारा ते सतरा या वयाच्या. स्वतः विंगला खेळलोय. त्यामुळे उत्तर लांबणार आहे.

थेट सांगायचं तर पोराला थांबवू नका. पण तुमच्या प्रश्नाच्या पोटात आणखी एक प्रश्न आहे आणि तो जास्त महत्त्वाचा आहे. विंगरचं काम म्हणजे समोरच्या फुलबॅकला, म्हणजे कडेच्या डिफेंडरला, अंगावर घेणं. दहा वेळा अंगावर घेतलं तर पाच-सहा वेळा बॉल जाणारच. मग त्याला बॉल गमावायची मुभा कोण देतं, किती देतं, कुठल्या वयापर्यंत देतं? क्वारेस्माचं अख्खं करिअर मला या एका प्रश्नाभोवती फिरताना दिसतं, आणि तुमच्या पुतण्याचंही त्याच भोवती फिरणार आहे.

आधी त्रिवेलाबद्दल, कारण तिला उगाच बदनाम केलंय. लोकांना वाटतं ती नखरा आहे. ती कशासाठी असते ते समजून घ्या. उजव्या पायाचा खेळाडू डाव्या विंगला पळत गोललाइनपर्यंत पोचला, की त्याच्यापुढे अडचण असते. डाव्या पायानं क्रॉस टाकता येत नसेल, तर त्याला थांबून, बॉल आत वळवून उजव्या पायावर घ्यावा लागतो. तेवढ्यात फुलबॅक सावरतो आणि मधले डिफेंडर जागेवर येतात. उजव्या पायाच्या बाहेरच्या कडेनं बॉल मारला तर तो उजवीकडे वळतो, म्हणजे डाव्या पायाच्या आतल्या कडेनं मारल्यावर वळतो तसाच. पळता पळता, पाऊल न बदलता. उजव्या बाजूनं आत शिरताना हाच फटका गोलवर मारला, तर बॉल आधी दूरच्या खांबाच्या बाहेर चालल्यासारखा दिसतो आणि मग वळून आत येतो. डावखुरा विंगर तिथून आतल्या कडेनं जसा मारेल, अगदी तसा. म्हणजे क्वारेस्मानं उजव्या पायातूनच आपला डावा पाय तयार केला होता. गोलीला त्याचा अंदाजही उशिरा येतो, कारण मारणाऱ्याचं अंग नेहमीसारखं उघडत नाही.

याची किंमतही आहे. घोटा ताठ धरावा लागतो, बॉलला लागणारी पायाची जागा लहान असते, आणि बॉल अंगापासून नेमक्या अंतरावर नसला तर फटका वाया जातो. पावसाळ्यात आपल्या ग्राउंडवर चिखल झाला की टेकवलेला डावा पाय सरकतो आणि बॉल भलतीकडे जातो. पंधरा-सोळाव्या वर्षी पोरांची उंची झपाट्यानं वाढत असते, तेव्हा एकाच फटक्याची शंभर-शंभर रिपीटेशन घोट्याला आणि जांघेला झेपत नाहीत. हे मी पाहिलंय. पण ही तब्येतीची आणि मोजमापाची गोष्ट झाली. ‘वाया जाणं’ वेगळं.

आता करिअरकडे येऊ.

क्वारेस्मा १९८३ साली लिस्बनमध्ये जन्मला आणि स्पोर्टिंग क्लबात वाढला. या क्लबाला विंगर घडवायची परंपरा आहे. फुत्रे, फिगो, सिमाव, क्वारेस्मा, रोनाल्डो, नानी हे सगळे तिथलेच. २००१-०२ च्या मोसमात लास्लो बोलोनी या कोचनं त्याला मोठ्या टीममध्ये आणलं. तेव्हा तो अजून अठराचाही नव्हता. त्याला ‘मस्टँग’ हे नाव बोलोनीनंच दिलं, कारण पोरगा रानघोड्यासारखा होता, लगाम न मानणारा. त्या मोसमात स्पोर्टिंगनं लीग आणि कप दोन्ही जिंकले. मधे मारियो जार्देलसारखा गोल करणारा स्ट्रायकर होता, त्यानं लीगमध्ये ४२ गोल केले. अशा टीममध्ये विंगरचं काम सोपं होतं: बॉल आत टाकत राहा, त्यातले काही लागतील. चार क्रॉस वाया गेले तरी पाचव्यावर जार्देल हजर असायचा, त्यामुळे पोराला कुणी बोल लावत नव्हतं.

पुढच्या मोसमात रोनाल्डो आला. दोघं एकाच टीममध्ये खेळले, आणि त्या वेळी दोघांत सरस कोण हे छातीठोकपणे सांगता येत नव्हतं. २००३ च्या उन्हाळ्यात दोघंही विकले गेले. क्वारेस्मा बार्सेलोनाला, रोनाल्डो मँचेस्टर युनायटेडला. तुमच्या ‘कुठं बिनसलं’ याचं अर्धं उत्तर मला या एका उन्हाळ्यात सापडतं.

रोनाल्डोचे युनायटेडमधले लीगचे गोल मोसमागणिक बघा: ४, ५, ९, १७, ३१. पहिले तीन आकडे नीट बघा. तीन मोसम तो पोरगा नको तिथं पाय फिरवायचा, बॉल घालवायचा, आणि इंग्लंडातले लोक त्याला नावं ठेवायचे. तरी अ‍ॅलेक्स फर्ग्युसन त्याला खेळवत राहिले. त्या क्लबात कोच पक्का होता, मागची टीम पक्की होती, आणि पोर कच्चं असलं तरी चालणार होतं. रोनाल्डोची जिद्द आणि मेहनत मी कमी लेखत नाही, ती अफाटच होती. पण मेहनत करायला मैदानावरची मिनिटं लागतात, आणि ती त्याला मिळाली.

बार्सेलोनात उलटं होतं. कोच फ्रँक रायकार्ड नवा होता आणि टीम नव्यानं बांधली जात होती. त्याच उन्हाळ्यात आलेला रोनाल्डिन्यो डावीकडून खेळत होता. क्वारेस्माला लीगमध्ये २२ सामने मिळाले, त्यातल्या अनेकांत तो बदली म्हणून उतरला, आणि गोल झाला एक. बदली म्हणून वीस मिनिटांसाठी उतरणाऱ्या विंगरची मानसिकता मी जवळून ओळखतो. पहिला बॉल मिळताच त्याला सगळं सिद्ध करायचं असतं. तो सोपा पास सोडून तिघांना अंगावर घेतो, बॉल जातो, आणि पुढच्या मॅचला वीसची दहा मिनिटं होतात. मोसम संपल्यावर रायकार्ड असेपर्यंत मी परत येणार नाही असं त्यानं सांगून टाकलं. इथं मात्र चूक त्याची होती असं मला वाटतं. वीस वर्षांच्या पोरानं स्वतःहून दार लावून घ्यायचं नसतं. फिगोही स्पोर्टिंगमधूनच बार्सेलोनाला गेला होता, पण १९९५ साली, बावीसाव्या वर्षी, पोर्तुगालच्या लीगमध्ये काही मोसम पूर्ण खेळून. क्वारेस्मा दोन मोसमांत, एकोणिसाव्या वर्षी गेला. तीन वर्षांचा हा फरक कागदावर छोटा दिसतो. पण विंगर बॉल कधी सोडायचा हे शिकतो ते नेमकं याच वर्षांत.

२००४ मध्ये बार्सेलोनानं पोर्तोकडून डेको हा मिडफिल्डर घेतला, त्या सौद्याचा भाग म्हणून तो पोर्तोला गेला, आणि तिथं त्याचं करिअर उभं राहिलं. पुतण्याला व्हिडिओ दाखवायचेच तर या चार वर्षांतल्या पूर्ण मॅच दाखवा, नुसत्या तुकड्यांचे नकोत. पहिल्या मोसमात क्लबानं कोचमागून कोच बदलले. मग को आद्रियान्से हा डच कोच आला, जो पुढे जास्तीत जास्त माणसं ठेवून खेळायचा, आणि त्याच्यानंतर जेझुआल्दो फरेरा. २००६, २००७, २००८ अशी सलग तीन लीग विजेतेपदं पोर्तोनं जिंकली आणि क्वारेस्मा त्या टीमचा जीव होता. का जमलं? माझं उत्तर: त्याच्या पाठीमागे बघा. पावलू असुन्सावसारखा माणूस मधे बसून गेलेला प्रत्येक बॉल उचलत होता. लुचो गोन्झालेस योग्य वेळी पास देत होता. पुढे लिसांद्रो लोपेझ स्वतः पळून जागा करत होता. क्वारेस्मानं बॉल घालवला तरी पोर्तोवर संकट येत नव्हतं. टीमनं त्याच्या चुकीची सोय करून ठेवली होती, आणि त्या बदल्यात तो मॅच जिंकून देत होता. मार्च २००७ मध्ये बेल्जियमविरुद्ध लिस्बनमध्ये त्यानं पोर्तुगालसाठी मारलेली त्रिवेला याच काळातली. तुमच्या पुतण्यानं ती नक्की पाहिली असणार.

२००८ मध्ये कोच जोझे मोरिन्योनं त्याला इंटर मिलानला नेलं. १ कोटी ८६ लाख युरो आणि वर एक मिडफिल्डर, एवढी किंमत मोजून. मोरिन्योचा तिथला पहिलाच मोसम होता आणि त्याला दोन विंगर घेऊन ४-३-३ (मागे चार, मधे तीन, पुढे तीन) खेळायचं होतं. ते जमलं नाही. काही महिन्यांत विंगर काढून दोन स्ट्रायकर आणि मधे चौघांची हिऱ्याच्या आकाराची रचना असा खेळ सुरू झाला. ज्या जागेसाठी त्याला विकत घेतलं, ती जागाच टीममधून गेली! त्याच वर्षी इटलीतल्या एका रेडिओ कार्यक्रमानं लीगमधल्या सर्वांत निराशाजनक खेळाडूला देतात तो ‘सोनेरी कचरापेटी’चा किताब त्याला दिला. पंचवीस वर्षांच्या माणसाच्या मनावर याचं काय होत असेल, याचा विचार मी अजूनही करतो. फेब्रुवारी २००९ मध्ये तो उसना म्हणून चेल्सीला गेला. तिथं कोच होता स्कोलारी, ज्यानं २००६ च्या वर्ल्ड कपला त्याला पोर्तुगालच्या संघात घेतलं नव्हतं. आठवड्याभरात स्कोलारीलाच काढलं. पुढच्या कोचकडे त्याला जेमतेम काही सामने मिळाले.

पण सगळं दैवावर ढकलणंही बरोबर नाही. २०१० मध्ये इंटरनं तिन्ही मोठ्या स्पर्धा जिंकल्या, आणि तेव्हा मोरिन्योकडे पुन्हा बाजूनं खेळणारी माणसं होती. फरक असा की त्या बाजूला साम्युएल एटोसारखा जगातला नावाजलेला स्ट्रायकर खेळत होता, आणि बार्सेलोनाच्या मैदानावर उपांत्य सामन्यात टीमचा एक खेळाडू बाहेर गेल्यावर तो अक्षरशः फुलबॅक होऊन मागे धावत होता. बॉल गमावायची मुभा प्रत्येक कोच देतो, पण परतफेड मागतो, आणि परतफेड म्हणजे मागे पळणं. क्वारेस्मा त्या वयात ती पुरेशी देत नव्हता. तुमच्या पुतण्याच्या कोचना बहुधा हेच म्हणायचं असेल. शब्द चुकीचे निवडले, पण काळजी खोटी नाही.

त्यानंतर तो तुर्कस्तानात बेशिक्ताशकडे गेला, मग दुबई, मग पुन्हा पोर्तो, पुन्हा बेशिक्ताश. पोर्तोकडच्या दुसऱ्या खेपेत, एप्रिल २०१५ मध्ये, त्यानं बायर्न म्युनिकविरुद्ध पहिल्या दहा मिनिटांत दोन गोल केले आणि पोर्तो ३-१ नं जिंकलं. परतीच्या सामन्यात बायर्ननं ६-१ असं धुतलं, तेही खरं. बेशिक्ताशकडच्या दुसऱ्या खेपेत त्यानं २०१६ आणि २०१७ अशी दोन लीग विजेतेपदं मिळवली. इस्तंबूलच्या लोकांनी त्याला डोक्यावर घेतलं. वयाच्या बत्तीस-तेहतिसाव्या वर्षी त्याचा खेळ मला सर्वांत समंजस वाटतो. वेग कमी झाला होता, म्हणून तो फुलबॅकला पळून हरवायच्या फंदात पडत नव्हता. थांबायचा, मान वर करून बघायचा आणि बॉल टाकायचा.

राष्ट्रीय संघाचंही तसंच. २००६, २०१० आणि २०१४ अशा तीन वर्ल्ड कपना तो नव्हता. मग फर्नांडो सांतोस हा कोच आला. ऑक्टोबर २०१४ मध्ये डेन्मार्कविरुद्ध पंचाण्णवाव्या मिनिटाला रोनाल्डोनं डोक्यानं विजयी गोल केला, तो क्वारेस्माच्या क्रॉसवर. २०१६ च्या युरोमध्ये (युरोपातल्या देशांच्या स्पर्धेत) तो बहुतेक बदलीच होता, पण आता वीस मिनिटांत काय करायचं हे त्याला कळत होतं. क्रोएशियाविरुद्ध ११७ व्या मिनिटाला त्याच्याच गोलनं मॅच जिंकली. पोलंडविरुद्ध शेवटची निर्णायक पेनल्टी त्यानं मारली. अंतिम सामन्यात रोनाल्डो जखमी होऊन २५ व्या मिनिटाला बाहेर गेला, तेव्हा त्याच्या जागी उतरला तो क्वारेस्माच. २०१८ मध्ये, चौतिसाव्या वर्षी, तो पहिल्यांदा वर्ल्ड कप खेळला आणि इराणविरुद्ध त्रिवेलानं गोल केला, मी मघाशी सांगितलेल्या उजव्या बाजूच्या कोनातून. पोर्तुगालकडून ८० सामने, युरो विजेतेपद, पोर्तुगालमध्ये चार लीग, तुर्कस्तानात दोन. याला वाया जाणं म्हणत असतील, तर आपल्या डोळ्यांपुढे फक्त रोनाल्डोची उंची आहे, आणि त्या उंचीपुढे अख्ख्या पिढीतले सगळेच विंगर वाया गेलेले दिसतील.

आणखी एक सांगतो, विषयाला थोडं सोडून. तो रोमा समाजाच्या घरातला आहे, पोर्तुगालमध्ये त्यांना सिगानू म्हणतात, आणि हेच त्याचं टोपणनावही होतं. मे २०२० मध्ये कोविडच्या काळात आंद्रे व्हेंतुरा या राजकारण्यानं रोमा लोकांसाठी वेगळ्या बंदिवासाची भाषा केली, तेव्हा क्वारेस्मा उघडपणे त्याच्याविरुद्ध बोलला. राष्ट्रीय संघाचा खेळाडू म्हणून गप्प राहणं सोपं होतं. पुतण्याला त्याचे फटके दाखवताना हेही सांगा.

आता पुतण्याकडे. इथं बरंच परिस्थितीवर अवलंबून आहे. तो डावीकडे खेळतो की उजवीकडे, टीम किती माणसं मागे ठेवते, आणि डावा पाय कितपत चालतो, हे कळल्याशिवाय नेमकं सांगता येणार नाही. पण माझ्याकडे अशी पोरं येतात तेव्हा मी काय करतो ते सांगतो.

मी मैदानाचे तीन भाग करून देतो. आपल्या भागात दोन टचमध्ये बॉल सोडायचा, तिथं त्रिवेला नाही आणि ड्रिबलही नाही. मधल्या भागात मान वर करून ठरव. शेवटच्या भागात फुलबॅकला अंगावर घे, हरलास तरी मी एक शब्द बोलणार नाही. पण बॉल गेल्यावर पहिली पाच सेकंद जीव तोडून मागे पळायचं. ती पाच सेकंद मी वहीत मोजतो, गोल आणि क्रॉस नंतर. पोराला ही अट एकदा कळली की त्याची भीती जाते, आणि कोचचा रागही जातो, कारण दोघांनाही मुभा कुठं संपते ते माहीत असतं.

डाव्या पायासाठी रोज पंधरा मिनिटं भिंत. जवळून आतल्या कडेनं पास, मग लांबून, मग एक टच. तीन-चार महिन्यांत डावा पाय देखणा होत नाही, पण विश्वासाचा होतो. मग त्रिवेला त्याच्यासाठी पर्याय म्हणून राहते, गरज म्हणून नाही. फुलबॅकला दोन शक्यता दिसायला हव्यात. एकच दिसली तर तिसऱ्या मॅचला सगळे ओळखतात.

हे मी पहिल्यापासून करत नव्हतो. सुरुवातीच्या वर्षांत माझ्याकडे चौदा वर्षांचा एक पोरगा होता, अंगात वारं भरल्यासारखा खेळायचा. एका मॅचमध्ये त्यानं पहिल्या अर्ध्या तासात सात वेळा बॉल घालवला आणि मी त्याला सगळ्यांसमोर बाहेर काढून बसवलं. पुढच्या मॅचपासून तो पास देऊ लागला. मी खूश झालो. दोन वर्षांत तो नीटनेटका, सुरक्षित फुलबॅक झाला आणि अठराव्या वर्षी खेळ सोडला. त्या सात बॉलपैकी पाच विरोधी संघाच्या पेनल्टी एरियाजवळ गेले होते, म्हणजे आम्हाला त्यांचा काहीच धोका नव्हता. हे मला फार उशिरा, जुनी वही चाळताना कळलं. माझी वही तेव्हापासून बदलली.

तुमच्या पुतण्याच्या कोचशी भांडू नका. त्यांना विचारा, ‘मैदानाच्या कुठल्या भागात त्यानं धोका पत्करलेला तुम्हाला चालेल?’ बहुतेक कोच या प्रश्नाचं सरळ उत्तर देतात, कारण त्यात त्यांच्या अधिकाराला धक्का लागत नाही.

आणि रविवारी दोघं मिळून २०१६ ची क्रोएशियाविरुद्धची मॅच काढा, शेवटची पाच मिनिटं. क्रोएशियाच्या पेरिशिचचं हेडर खांबाला लागतं आणि पोर्तुगाल पळत सुटतं. रेनातो सांचेस बॉल घेऊन येतो, नानीकडून तो रोनाल्डोला मिळतो, गोली रोनाल्डोचा शॉट अडवतो. त्या क्षणी व्हिडिओ थांबवा आणि पुतण्याला विचारा, क्वारेस्मा कुठं आहे? तो गोलच्या तोंडाशी आहे, उडालेल्या बॉलपाशी, आणि अगदी जवळून डोक्यानं आत ढकलतो. तिथपर्यंत तो पळत आलाय. ती धाव मागे जाऊन पहिल्यापासून बघा.

डाव्या पायाबद्दल आणि तो कुठल्या बाजूला खेळतो त्याबद्दल कळवा, मग भिंतीवरच्या सरावाचा पुढचा टप्पा सांगतो.